आत्याची दोन घरं

२ जानेवारी

चि. ठोंब्या,

आशीर्वाद आहेतच. दर पत्रात ते मोजून द्यायला मी काही वाणी नाही. आधी दार लावून घे आणि मगच पुढे वाच. यातलं अवाक्षरही तुझ्या बाबांना कळवायचं नाही, कारण दादाला कळलं म्हणजे दवंडी पिटल्यासारखंच. फोन करता आला असता, पण तो घरमालकिणीच्या दिवाणखान्यात आहे, आणि माझं बोलणं सुरू झालं की तिला नेमकी शेजारच्याच खुर्चीत बसून लोकर गुंडाळायची असते.

तर, मला एक माणूस आवडला आहे. हसू नकोस. सत्तावन्नाव्या वर्षी कोणी आवडू नये असा कायदा अजून झालेला नाही. नदीपलीकडे त्यांचं घड्याळं दुरुस्त करायचं दुकान आहे, म्हणून मी त्यांना घड्याळजी म्हणते. माझं गजराचं घड्याळ घेऊन मी त्यांच्याकडे तीनदा गेले. तिसऱ्या वेळी ते म्हणाले, "बाई, हे घड्याळ पहिल्या दिवसापासून ठणठणीत आहे." मी म्हटलं, "मला माहीत आहे." त्यावर ते कानापर्यंत लाल झाले. बायको जाऊन बरीच वर्षं झाली, दुकानामागच्या खोलीत एकटे राहतात, आणि आता त्यांची लेक त्यांना दुकान बंद करून कायमचं आपल्याकडे न्यायला बघते आहे. दहा फेब्रुवारीला ती येणार. त्याआधी त्यांना माझ्या घरी चहाला यायचं आहे. काय बोलायचं आहे ते मला कळतं, आणि मला हो म्हणायचं आहे, हेही तुला सांगून टाकते. आयुष्यभर लोकांच्या लग्नाचे कपडे शिवले, आता एक जोड स्वतःसाठी शिवावा म्हणते.

घोडं अडलं आहे पत्त्यावर. इथल्या गल्ल्या सगळ्या एका साच्यातल्या आणि पाट्या कोणी लावत नाही. घड्याळजी पडले कागदावर चालणारे. पुस्तकात लिहिलंय तेवढंच करतील, एक स्क्रू इकडचा तिकडे नाही. वाटेत कोणाला पत्ता विचारणं त्यांना भीक मागण्यासारखं वाटतं. म्हणून नकाशा हवा. मी काढून पाहिला, तर त्याची बाही झाली. घरात नकाशांचा एवढा मोठा विद्वान असताना मी दुसऱ्याच्या तोंडाकडे कशाला बघू? पुलापासून माझ्या दारापर्यंत साधा, चार रेघांचा नकाशा काढून पाठव. घर पाण्याच्या टाकीजवळ, वरचा मजला, निळं दार.

तुझी,
आत्या


११ जानेवारी
जुन्या नकाशांचा विभाग, ग्रंथालयाचं तळघर

प्रिय आत्या,

तुझं पत्र सांगितल्याप्रमाणे दार लावून वाचलं. आमच्या तळघराचं दार आतून उघडत नाही हे विसरलो होतो, त्यामुळे दुपारपर्यंत तेच वाचत बसावं लागलं. मला फार आनंद झाला आहे.

चार रेघा मागितल्यास. अगं आत्या, चार रेघांचा तो नकाशा नव्हे, निरोप झाला. मध्ययुगातल्या आणि प्रबोधनकाळातल्या नकाशांत मी इतकी वर्षं मान घालून बसलो आहे ते काय उगाच? त्या लोकांना ठाऊक होतं की नकाशा नुसता रस्ता दाखवायला नसतो, काय मोलाचं आहे ते दाखवायला असतो. म्हणून तुझा नकाशा मी त्यांच्या रीतीने काढला आहे, मेंढीच्या अख्ख्या कातडीवर, मानेच्या भागासकट.

वाचताना एवढं लक्षात ठेवायचं. वरच्या बाजूला पूर्व आहे. त्या काळी पूर्वच वर असे, कारण स्वर्ग तिकडे. तुझं घर अर्थातच सगळ्यात वर, भोवती तट, आणि दारातून निघणाऱ्या चार नद्या, कारण तुझा नळ गळतो असं तू रडक्या सुरात मागे लिहिलं होतंस. गल्ल्यांची नावं किनाऱ्यावरच्या बंदरांसारखी आडवी-उभी लिहिली आहेत, समुद्री नकाशांत असतात तशी. त्यामुळे वाचताना एकतर कागद फिरवावा लागेल किंवा कागदाभोवती फिरावं लागेल. अंतरं दिलेली नाहीत. कोपऱ्यांत गाल फुगवून फुंकणारे चार वारे आहेत. जिथली माहिती मिळाली नाही तिथे समुद्र घातला आहे. जुन्या नकाशांतल्या जलपऱ्यांना असतात तशा घरमालकिणीला दोन शेपट्या दिल्या आहेत. कान मात्र मी वाढवले नाहीत, ती शास्त्राशी प्रतारणा झाली असती.

तुझं नवं घर मी पाहिलेलं नाही, पण त्यानं काही बिघडत नाही. त्या काळचे मोठमोठे नकाशेवालेही खुर्चीतून उठत नसत, आल्यागेल्याचं ऐकून जग काढत. मीही साक्षी जमवल्या. पहिली साक्ष तुझी. दुसरी बाबांची: प्रबंधासाठी हवं आहे अशी थाप मारून त्यांच्याकडून आत्याच्या घराचं वर्णन मागवलं. आता तू म्हणतेस पाण्याची टाकी आणि निळं दार. बाबा म्हणतात रंगाचा जुना कारखाना, त्याच्या मागे, दुमजली, वर गच्ची, पुढे मोठं फाटक. साक्षीदारांचं एकमेकांशी पटलं नाही तर जुने नकाशेवाले निवाडा करत बसत नसत. दोन खलाशांनी एकाच बेटाच्या दोन जागा सांगितल्या की ते सरळ दोन बेटं काढत, आणि पुढच्या पिढ्या ती दोन्ही इमानाने उतरवून घेत. मीही तुझी दोन घरं काढली आहेत. बाबांचं वर्णन जास्त भरघोस होतं, म्हणून ते घर जरा मोठं आलं आहे.

आमच्या सरांनी नकाशा पाहिला आणि आजवर पहिल्यांदाच मला बसायला सांगितलं.

तुझा,
ठोंब्या


१४ जानेवारी

चि. ठोंब्या,

नकाशाचं नळकांडं पोचलं. त्यावरची लाखेची मोहोर बघून पोस्टमनने मला चक्क नमस्कार केला. ती मोडायचा मला धीर झाला नाही. घड्याळजींनीच मोडावी म्हणून तशीच नेऊन त्यांच्या हातात दिली. त्यांनी ती भिंग लावून पाहिली आणि म्हणाले, "घरात एवढी कला आहे हे बोलला नाहीत कधी." तेव्हा तुझा खरंच अभिमान वाटला.

तुझ्या पत्राचं पहिलं पान वाचलं. पुढे नुसते वारे आणि शेपट्या दिसल्या, ते नंतर निवांत वाचीन. रविवारी चारला येणार आहेत. नवे पडदे शिवले, बिस्किटं आणली, नळाला चिंधी बांधली. आजपासूनच दर तासाला बिस्किटं मोजते आहे रे. या वयात असं होणं शोभत नाही, पण होतं आहे त्याला काय करू?

आत्या


१९ जानेवारी

आदरणीय बाई,

नमस्कार. काल आपल्या कागदाप्रमाणे पुलावरून निघालो. गल्ल्यांची नावं वाचण्यासाठी कागदाभोवती फिरणं भाग होतं. कागद माझ्याच हातात असल्याने तोही माझ्याबरोबर फिरत राहिला. चौकातल्या एका गृहस्थांनी मला चक्कर आली समजून बाकावर बसवलं व पाणी पाजलं. कागदावर आपली दोन घरं दिसली. आपण हे कधी बोलला नव्हता. मोठं तेच राहतं घर असणार असं धरून तिकडे गेलो.

आपले बंधू फाटकातच उभे होते. मी तोंड उघडण्याआधीच म्हणाले, "या, तुमचीच वाट बघतोय." त्यांनी मला सगळं घर दाखवलं. नऊ खोल्या आहेत. प्रत्येक नळ सोडून दाखवला, भिंतींवर बुक्क्या मारून आवाज ऐकवला. "एकदा हो म्हटलंत की मागे फिरायचं नाही," असं बजावलं, ते भाऊ या नात्याने मला रास्तच वाटलं. आपण कुठेच दिसेना, म्हणून शेवटी विचारलं. ते म्हणाले, "घरातली सगळी कधीच निघून गेली. मी एकटा तुमच्यासाठी थांबलोय."

समजायचं ते समजलो. आपला व्याप मोठा आहे आणि मी आपल्या योग्यतेचा नाही. दहा तारखेला मुलीबरोबर जातो आहे. आपल्या गजराच्या घड्याळाला पुढची काही वर्षं तेल द्यावं लागणार नाही.

आपला,
घड्याळजी


२२ जानेवारी

ठोंब्या,

सोबतचं घड्याळजींचं पत्र वाच आणि मग आरशात तोंड बघ.

रविवारी मी चारपासून खिडकीत उभी होते. घरमालकीण माझ्या खांद्यामागे. सहा वाजले तेव्हा तिने माझ्याच बशीतलं एक बिस्कीट मला दिलं आणि म्हणाली, "होतं असं." ती माझ्याशी प्रेमाने वागली म्हणजे माझी काय दशा झाली असेल, तूच समज.

मग हे पत्र आलं. मला वाटलं माणसाचं डोकं फिरलं. मला इथे कसला भाऊ, आणि कसल्या नऊ खोल्या? शेवटी तुझी राहिलेली पानं काढून वाचली. अरे गाढवा, मला एक घर धड झेपत नाही आणि तू दोन देऊन मोकळा झालास? रंगाच्या कारखान्यामागचं ते घर दातांच्या डॉक्टरचं आहे. दादा माझं सामान हलवायला आला तेव्हा त्याची दाढ सुजली, आणि सामान मी हलवलं, तो त्या डॉक्टरच्या ओट्यावर गाल धरून बसला. माझं घर त्यानं धड पाहिलेलंच नाही, बसला होता तेच माझं समजून तुला कळवलं. डॉक्टर घर विकून चालला आहे. बायकामुलं पुढे गेली, आणि हा गिऱ्हाइकाची वाट बघत फाटकात उभा असतो.

आता तू म्हणशील, जा आणि खरं काय ते सांग. काय सांगू? नऊ खोल्या बघून आलेल्या माणसाला या एका भाड्याच्या खोलीत आणून बसवू? आणि ते सभ्यपणे नाहीच म्हणाले आहेत. "मी आपल्या योग्यतेचा नाही" हे वाक्य मला नवं नाही. तरुणपणी दोघांनी मला हेच लिहिलं होतं, आणि दोघांनी महिन्याच्या आत दुसरीकडे जमवलं. मला रडू येतंय आणि तुझा रागही येतोय, दोन्ही एकदम करता येत नाही म्हणून आधी राग उरकून घेते.

आत्या


२६ जानेवारी
तळघर

प्रिय आत्या,

माझी मान खाली गेली आहे. कुठल्या तोंडाने लिहू कळत नाही, तरी लिहितो.

फक्त एक विचारू का? ते खरंच कागदाभोवती फिरले? असा नकाशा हातात घेऊन कोणी प्रत्यक्ष चाललं, अशी एकही साक्ष मला इतक्या वर्षांत मिळाली नव्हती. आणि त्यांनी मोठं काढलेलं घर निवडलं, म्हणजे आकारावरून मोल ओळखलं. त्या काळच्या माणसानेही हेच केलं असतं. मी ते पत्र सरांना दाखवलं, म्हणजे फक्त फिरण्याचा भाग, तर सरांनी चष्मा काढून पुसला.

असो. चूक माझी आहे आणि ती मी निस्तरणार. सुधारून दुसरी आवृत्ती काढायला घेतली आहे. डॉक्टरचं घर समुद्रात बुडवलं आहे. तुझं घर आता नदीपेक्षा रुंद आहे, म्हणजे नजरेतून सुटायला नको. घरमालकिणीने तुला बिस्कीट दिलं म्हणून तिची एक शेपटी कमी करतो आहे.

तुझा,
ठोंब्या


२९ जानेवारी

ठोंब्या,

काहीही काढू नकोस. पेन्सिलीला हात लावलास तर माझ्याशी गाठ आहे. घड्याळजींच्या दुकानावरून काल मुद्दाम गेले, आत ते घड्याळं खोक्यांत भरत होते. मी आत गेले नाही. त्यांनी वर पाहिलं नाही. आता मला पत्र लिहू नकोस, वाचायचा कंटाळा आलाय.

आत्या


४ फेब्रुवारी
तुझ्या गावचं स्टेशन, बाकावरून

आत्या,

पत्र लिहू नकोस म्हणालीस, म्हणून समक्षच यायला निघालो. आलो. तुझं घर सापडलं नाही.

कोणाला विचारलं असतं तर मिळालं असतं, हे मलाही कळतं. पण आपणच काढलेली अर्धीमुर्धी दुसरी आवृत्ती खिशात असताना भाजीवाल्याला रस्ता विचारायचा, हे काही माझ्याच्याने होईना. पुलावरून निघालो. चौकात मीही फिरलो. एका गृहस्थांनी मलाही बाकावर बसवून पाणी पाजलं आणि म्हणाले, "या चौकात काहीतरी आहे बुवा." पुढे समुद्र लागायला हवा होता, तिथे न्हाव्याची दुकानं निघाली. तिथून वळलो तो थेट एका मोठ्या फाटकापाशी. आत उभा असलेला माणूस म्हणाला, "या, तुमचीच वाट बघतोय."

आत्या, मी सगळे नळ पाहिले. नाही म्हणायला त्यानं जागाच ठेवली नाही. नवव्या खोलीत पोचल्यावर मी सांगितलं की मी गिऱ्हाईक नाही, तेव्हा तो डॉक्टर जमिनीवरच बसला. म्हणाला, "मागे असाच एक म्हातारा गृहस्थ येऊन गेला. सगळं घर बघितलं, पण भिंतीकडे एकदा नजर नाही, प्रत्येक दाराआड डोकावून बघत होता. मी विचारलं, पसंत आहे का? तर म्हणाला, मनापासून पसंत आहे हो, अगदी पहिल्या दिवसापासून. आणि डोळे पुसत चालता झाला. मला वाटलं सौदा झाला, म्हणून दुसऱ्या दिवशी आलेल्या खऱ्या गिऱ्हाइकाला मी नाही म्हणून बसलो. मला सांगा, घर पसंत पडलं म्हणून कोणी रडतं का?"

मला नळ आणि भिंती काही कळत नाहीत, पण हे कळलं. तो माणूस घराबद्दल बोलत नव्हता. तू म्हणतेस तो सभ्य नकार होता. ज्यानं तुझ्यासाठी नऊ दारांआड डोकावून पाहिलं तो नकार देईल का? दोन साक्षी जुळत नसतील तर दोन्ही खऱ्या धरायच्या, हे मी आयुष्यात परत करणार नाही. यातली एकच खरी आहे आणि ती डॉक्टरची आहे.

तिथून तुझ्याकडे यायला निघालो. गावात पाण्याच्या टाक्या तीन आहेत हे तू लिहायला हवं होतंस. पहिल्या दोन टाक्यांखाली निळं दार नव्हतं, तिसरीकडे जायच्या आत गाडीची वेळ झाली, आणि सरांनी एकाच दिवसाची रजा दिली आहे. हे पत्र इथल्याच पेटीत टाकतो, तुला उद्या मिळेल. दहा तारखेला अजून वेळ आहे. जा आत्या, हात जोडतो. त्यांच्या दुकानाचा रस्ता तुला पाठ आहे, तिथे तरी माझी लुडबुड नाही.

तुझा,
ठोंब्या


८ फेब्रुवारी

चि. ठोंब्या,

गावात येऊन आत्याच्या हातचा चहा न घेता परत गेलास, त्याबद्दल समक्ष बोलेन. ती तिसरी टाकी माझीच होती.

तुझं पत्र चुलीपाशी उभी राहून वाचलं. चहा उतू गेला, तो पुसायलाही थांबले नाही. चपला घातल्या आणि निघाले. घरमालकिणीने विचारलं, "कुठे?" मी म्हटलं, "घड्याळजींकडे, त्यांना लग्नाचं विचारायला." तिच्या हातातला लोकरीचा गुंडा जिन्यावरून गडगडत खाली गेला.

दुकानात निम्मी फळी रिकामी झाली होती. ते डोळ्याला भिंग लावून बसले होते. मी समोरच्या स्टुलावर बसले आणि ठरवून आले होते ते सगळं विसरले. म्हटलं, "तुम्ही बघून आलात ते घर माझं नाही. दातांच्या डॉक्टरचं आहे."

ते म्हणाले, "आणि ते आपले बंधू?"

"तोच डॉक्टर."

"बरं. मग आपलं ते दुसरं घर?"

"दुसरं नव्हे, तेवढंच आहे. एक खोली. तीही भाड्याची. नळ गळतो, घरमालकीण दाराला कान लावते, आणि दोन माणसं जेवायला बसली तर तिसऱ्याला जिन्यात बसावं लागतं." म्हटलं, एकदाचं सगळं बाहेर पडू दे, मग काय व्हायचं ते होवो.

त्यांनी भिंग काढून खाली ठेवलं. "एकच खोली?"

"एकच."

"नक्की ना? आणखी कुठे काही निघायचं नाही?"

"नाही हो. एकच."

मग त्यांचा चेहरा असा खुलला की मला तिथेच रडू फुटलं. म्हणाले, "मी घाबरलो होतो बाई. त्या घरात तुम्हाला शोधता शोधता दम लागला मला. म्हटलं, लग्नानंतर रोज असंच शोधावं लागलं तर काय घ्या? एका खोलीत माणूस हरवत नाही." आणि त्यांनी खोक्यात भरलेली घड्याळं एकेक करून परत फळीवर लावायला घेतली. मी खालून देत होते, ते वर ठेवत होते. सगळी एकदम ठोके द्यायला लागली तरी थांबलो नाही.

लेक काल आली, तीन दिवस आधीच. आधी गाल फुगवून बसली, पण माझ्याकडे चहा पिऊन गेल्यावर म्हणाली, बाबांना इतकं बोलताना मी कधी ऐकलं नव्हतं. दादाला मी स्वतःच कळवलं आहे, म्हणजे आता सगळ्या जगाला कळलं असेल. एकवीस तारखेला साध्या पद्धतीनं उरकतोय. तुला यायचं आहे, आणि सरांना सांग की रजा एका दिवसाची चालणार नाही.

येताना मात्र एक कर. गाडीतून उतरलास की बाकावर बसून राहा, एक पाऊलसुद्धा हलू नकोस. तुला न्यायला हे येतील.

तुझी,
आत्या